सुपडामावशीची कॅसेट

एका म्हाताऱ्या बाईने मला विचारलं, हा आवाज माझा आहे का. आवाज तिचाच होता आणि मी नाही म्हणालो. बाकीच्या चुकांना मी काही ना काही कारण शोधून ठेवलं आहे: वय लहान होतं, अक्कल नव्हती, संगत तशी होती. या एका शब्दाला मला अजून कारण सापडलेलं नाही. भरदुपारी मांडवात उभा होतो, पोटात भूक होती, अंगावर नवा शर्ट होता. मला कुणी धमकावलं नव्हतं. हो म्हणालो असतो तर फार तर चार लोकांसमोर मान खाली गेली असती. तेवढं टाळण्यासाठी मी एका आईला तिच्याच आवाजाबद्दल खोटं सांगितलं. हे प्रकरण लिहावं की नाही यात माझी दोन वर्षं गेली. माणसांची नावं मी बदलली आहेत आणि गावंही थोडी इकडची तिकडे सरकवली आहेत. तसं करणं का भाग होतं, ते वाचता वाचता कळेल.

आमचं घर नाशिकरोडला होतं. घर म्हणजे पुढे दुकान आणि मागे दोन खोल्या. वडील, त्यांना आम्ही अण्णा म्हणायचो, रेडिओ आणि टेपरेकॉर्डर दुरुस्त करायचे, आणि लोकांना हवी ती गाणी कॅसेटमध्ये भरून द्यायचे. गिऱ्हाईक वहीच्या पानावर गाण्यांची यादी आणायचं, सोबत कोरी कॅसेट द्यायचं आणि दोन दिवसांनी न्यायला यायचं. दुकानात कायम वितळलेल्या कथलाचा आणि राळेचा वास असायचा, तो मागच्या खोलीत आईच्या फोडणीत मिसळायचा, आणि शेजारच्या गिरणीतून येणारं बारीक पीठ या सगळ्यावर बसायचं. गिरणीची घरघर सकाळी आठला सुरू व्हायची ती दिवे लागेपर्यंत. सोमवारी गिरणी बंद असली की घरात एकमेकांचे आवाज एवढे मोठे वाटायचे की आम्ही उगीच हळू बोलायचो. आई सटाण्याकडची. घरात बाजरीची भाकरी, उडदाचं घट्ट वरण, तव्यावर भाजून वरवंट्याने रगडलेली मिरची. रागावली की तिची भाषा थेट माहेरी जायची. "आते तू मार खाशी हां!" हे वाक्य मी वीस वर्षांचा झालो तरी अधूनमधून ऐकत होतो.

एके दिवशी देवळाली कॅम्पातले डिसूझा सर त्यांचा रेकॉर्ड प्लेअर दुरुस्तीला घेऊन आले. ते एका शाळेतून निवृत्त झालेले, उंच, कायम इस्त्रीच्या अर्ध्या बाह्यांच्या शर्टात. प्लेअर लावून बघायला म्हणून त्यांनी एक तबकडी सोबत आणली होती. कव्हरवर एक काळी म्हातारी बाई साध्या लाकडी खुर्चीत बसलेली, हात मांडीवर, कॅमेऱ्याकडे न बघता. अण्णांनी सुई टेकवली. एक गिटार वाजायला लागली आणि मग त्या बाईंचा आवाज आला. अण्णांनी कान पुढे केला, चेहरा वाकडा केला आणि म्हणाले, "साहेब, सुई झिजलीय. आवाज फाटतोय बघा."

डिसूझा सर हसले. "अण्णा, सुई झिजली नाही. बाई झिजलीय. सत्तरीच्या पुढची आहे."

"मग या वयात कशाला गायला लावलं?"

"तरुणपणी ती तंबूत गायची, जत्रेत गातात तशी. मग लोक विसरले. तीस वर्षं दुसऱ्यांचे कपडे धुतले. म्हातारपणी कुणीतरी शोधून काढली, खुर्चीत बसवली आणि म्हणाले, गा. ही एकच तबकडी आहे तिची. ब्लूज म्हणतात या गाण्याला."

"रडगाणं आहे का?" मी विचारलं.

"ऐक ना," सर म्हणाले. "रडतेय का ती?"

रडत नव्हती. मला इंग्रजी गाण्यातलं ओ की ठो कळत नव्हतं. पण एका ठिकाणी गाता गाता तिची खुर्ची करकरली, ते स्पष्ट ऐकू आलं. एका कडव्याआधी तिने घसा खाकरला, तेही तसंच ठेवलं होतं. आमच्याकडे असं काही आलं असतं तर आम्ही तो भाग पुसून टाकला असता. ती बाई कुणाला तरी दारात उभं राहून काहीतरी सांगत होती, ऐकणाऱ्याने आत बोलवावं असा तिचा आग्रह नव्हता, एवढंच मला जाणवलं. प्लेअर दुरुस्त व्हायला आठवडा लागला. त्या आठवड्यात मी ती तबकडी किती वेळा लावली असेन कोण जाणे. शेवटी आई आतून ओरडली, "त्या बाईले घडीभर पानी तरी पिऊ दे!"

त्याच उन्हाळ्यात सुपडामावशी आमच्याकडे राहायला आली. ती आईची सख्खी बहीण नव्हे, गावातल्या भावकीतली, आईपेक्षा पंधरा वर्षांनी मोठी. तिच्या आधीची भावंडं जगली नव्हती, म्हणून जन्मल्या जन्मल्या तिला सुपात घालून काढलं आणि नाव सुपडा ठेवलं. तिला मोतीबिंदू काढायचा होता आणि दवाखाना नाशिकला. डोळ्यावर हिरवी पट्टी बांधून ती पंधरा दिवस आमच्या मागच्या खोलीत होती. हातावर हात ठेवून बसणं तिला जमत नव्हतं. एका डोळ्याने दिसत नसताना ती बोटांनी चाचपून तूर निवडायची, आणि निवडता निवडता सुपावर नखं वाजवत गुणगुणायची. गावाकडे कुणी गेलं की दहाव्यापर्यंत त्या घरात गायला तिला बोलावणं यायचं, हे आईने मला सांगितलं. गेलेल्या माणसाचं नाव घालून ती गायची. त्या घरातल्या बायकांना रडता येत नसलं तर तिच्या गाण्याने रडता यायचं. पंचक्रोशीतलं एकही सुतक तिच्याशिवाय गेलं नव्हतं.

एक गाणं मात्र ती दुसऱ्या कुणासाठी गात नसे. तिचा एकुलता एक मुलगा भिका दुसऱ्याच्या शेतात विहीर खोदायला गेला होता आणि वरून दगड सुटला. दुपारचं जेवण घरी झाकून ठेवलेलं होतं. भिकाची मुलगी उज्ज्वला तेव्हा पाळण्यात होती. तिची आई पुढे मुलीला घेऊन राहिली नाही, दुसरीकडे गेली, आणि उज्ज्वलाला सुपडामावशीनेच वाढवलं. ते गाणं मावशी गावात कुणासमोर, उज्ज्वलासमोरही, कधी म्हणत नसे. ते गाणं मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा आई भाकरी थापत होती. तव्यावरची भाकरी जळाली तरी तिने ती उलटली नाही.

भाकर थापी ठेवी तुनी, ताट झाकी ठेवं रे,
वाट दखी दखी मना दिन बुडी गया रे.

तुझी वाट बघून बघून माझा दिवस बुडाला, असं ती गेलेल्या मुलाला सांगत होती.

मला डिसूझा सरांची ती खुर्चीतली बाई आठवली. आपल्याकडेही आहे, आपल्या मागच्या खोलीत आहे, असं वाटून मी अक्षरशः थरथरलो. हे मी मुद्दाम लिहितो. सुरुवात खोटी नव्हती. खोटी असती तर मला आज स्वतःची एवढी किळस आली नसती.

मी मावशीच्या मागे लागलो. बाकीची गाणी गायला ती तयार झाली, पण भिकाचं नको म्हणाली. मी चार दिवस हट्ट केला. शेवटी ती म्हणाली, "म्हनस. पन एक आइक. हळदना घरमा हाई वाजाडजो नको." गावाकडची रीतच तशी होती. हळद लागलेल्या घरात, किंवा त्या घराशेजारीसुद्धा, सुतकाचं गाणं तोंडातून काढायचं नाही. लग्नसराईत ती गुणगुणणंही बंद करायची. मी तिचा हात हातात घेऊन म्हणालो, "मावशी, तू म्हणशील तसंच राहील. एक अक्षर हलणार नाही. अशी गाणी ऐकणारे लोक वेगळे असतात, शांत बसून ऐकतात." तिने मान हलवली. तिला माझं बोलणं किती कळलं माहीत नाही, हात कळला असावा.

सोमवारी गिरणी बंद होती. आम्ही खिडकीवर गोधड्या टांगल्या, अण्णांनी त्यांचा चांगला माइक आणला, आणि मावशी भिंतीला टेकून मांडी घालून बसली. सूप मांडीवर. तीन तासांत तिने नऊ गाणी म्हटली. भिकाचं शेवटी. 'ताट झाकी ठेवं' म्हटल्यावर तिला कोरडा खोकला आला, एकच, आणि ती पुढे गात राहिली. अण्णांनी माझ्याकडे बघितलं, पुन्हा घ्यायचं का म्हणून. मी मान हलवून नको म्हटलं. त्या खोकल्याचा मला फार अभिमान वाटला होता.

कॅसेटी विकणाऱ्या शेठकडे मी ती टेप घेऊन गेलो. त्याने अर्धं गाणं ऐकलं आणि बटण दाबलं. "म्हातारी रडतेय रे. लोक ऐकायला घेतात की दहाव्याला बसायला?" त्याच्या काउंटरवरची दोन माणसं हसली. मीही हसलो. ते हसू मला आजही तोंडात आंबट लागतं. मी भांडलो नाही, उठून आलो नाही. मी विचारलं, "मग काय करायला पाहिजे?"

काय करायला पाहिजे ते मला आधीच माहीत होतं. टेपच्या मोटारीला मागे बारीक भोक असतं, त्यात स्क्रू असतो. तो फिरवला की टेप जोरात पळते. आमच्याकडे वेग बिघडलेले टेप रोज यायचे, गायकाची गायिका झालेली आम्ही रोज ऐकायचो. मी मावशीची टेप लावली आणि स्क्रू फिरवत गेलो. आवाजातल्या सुरकुत्या गेल्या. साठीची बाई चाळिशीची झाली, मग तिशीची, आणि आणखी थोडं फिरवल्यावर सोळा वर्षांची एक खट्याळ मुलगी ठुमकत गायला लागली. सुपावरची नखं टाळ्यांसारखी वाजायला लागली. दुकानात बसलेला माझा मित्र उठून नाचायलाच लागला. खोकला आला तिथे तर तो पोट धरून हसला. एवढ्या वेगात तो खोकला एखाद्या पोरीच्या उचकीसारखा वाटत होता.

वेग नेमका किती ठेवायचा याचे प्रयोग मी आठ-दहा दिवस केले. रोज सकाळी दुकान उघडताना अण्णा तो स्क्रू मूळ जागी आणून ठेवायचे आणि दुपारी ते जेवायला आत गेले की मी पुन्हा फिरवायचो. यावर आमच्यात एक शब्दही झाला नाही. फक्त एकदा, हात पुसता पुसता त्यांनी विचारलं, "सुपडाबाईंना विचारलंस?"

"विचारणार आहे."

"हं," ते म्हणाले आणि एका रेडिओचं झाकण उघडून बसले. माझी टेप तयार झाल्यावर स्क्रू फिरवायची गरजच उरली नाही, आणि अण्णांच्या हातात विरोधाचं जे एवढंसं साधन होतं तेही गेलं. ते माझ्यावर ओरडले असते तर, असं मी पुढे बरीच वर्षं मनात म्हणत राहिलो. आता माझं वय त्यांच्या तेव्हाच्या वयापेक्षा जास्त आहे आणि दोष त्यांच्यावर सरकवायची ही माझी खोडही मला ओळखू येते.

एका ऑर्केस्ट्रावाल्याकडून त्यावर ऱ्हिदम पॅड वाजवून घेतला, ढिकचिक ढिकचिक. साडीच्या दुकानाच्या जुन्या कॅलेंडरवरची एक मुलगी कापून कव्हरवर लावली आणि खाली 'कुमारी रेश्मा' असं नाव छापलं. अशी कुणी मुलगी जगात नव्हती. शेठने कॅसेट उचलली आणि ती चालली, चालली म्हणजे अशी की टपऱ्यांवर, टेम्पोंमध्ये, कांद्याच्या मार्केटात, वणीच्या यात्रेत बांगड्यांच्या दुकानांवर, सगळीकडे. भिकाच्या गाण्यावर पोरांनी नाचही बसवला. 'ताट झाकी ठेवं' आलं की दोन्ही हातांनी ताट झाकल्यासारखं करायचं, आणि खोकल्याच्या जागी सगळ्यांनी मिळून छाती उडवत "हिच्च" करायचं. मी ते पहिल्यांदा पाहिलं एका गणपतीच्या मिरवणुकीत. माझ्या अंगावर काटा आला नाही. मी शेजारच्याला सांगितलं, "ही आपली कॅसेट."

मावशीला मी कळवलं नाही. तिच्या घरी टेप नव्हता. तिने एकदा आईजवळ निरोप पाठवला होता, पोराने मेहनत घेतली त्याचं काही झालं का. मी म्हणालो, काम चालू आहे.

मग उज्ज्वलाचं लग्न ठरलं. पत्रिका घेऊन मावशी स्वतः एसटीने आली आणि माझ्या हातात देताना म्हणाली, "तू उना पायजे." आई आणि मी हळदीच्याच दिवशी सकाळी पोहोचलो. दारात मांडव, मांडवाच्या कोपऱ्यात चुलाण, त्यावर वांग्याची भाजी रटरटत होती. गोवऱ्यांच्या निखाऱ्यात कणकेच्या बट्ट्या भाजून एक माणूस त्या फडक्याने झटकत होता. बायकांनी उज्ज्वलाला पाटावर बसवून हळद लावली. बापाच्या जागी चुलत चुलता उभा होता. हळद झाली आणि पोरांनी गाण्यांसाठी आरडाओरडा सुरू केला. स्पीकरवाला माझ्या ओळखीचा निघाला, आमच्याच दुकानातून कॅसेटी न्यायचा. त्याने लांबून मला डोळा मारला, एक कॅसेट वर करून दाखवली आणि ओरडला, "शेठ, तुमचाच माल लावतो बघा!"

माझ्या आणि त्याच्या मध्ये पंधरा पावलं असतील. मी पंधरा पावलं चाललो नाही. मला वाटलं, दुसरंच एखादं गाणं लागेल. मला वाटलं, एवढ्या गोंगाटात कोण ओळखतंय.

ढिकचिक सुरू झालं. पोरं मांडवाच्या मधोमध आली. करवल्या आल्या. आणि मग त्यांनी उज्ज्वलाला हाताला धरून ओढलं. हळदीने पिवळी झालेली ती मुलगी लाजत, हसत, चार पावलं नाचली. 'ताट झाकी ठेवं' आलं तेव्हा तिने दोन्ही हातांनी ताट झाकलं. "हिच्च!" सगळा मांडव ओरडला. तीही ओरडली. तिच्या बापासाठी झाकलेलं ताट होतं ते.

सुपडामावशी खांबाला टेकून बसली होती. आधी ती नातीकडे बघून हसत होती. पहिल्या कडव्याला तिने मान थोडी तिरकी केली. मग खोकला आला तेव्हा तिचा हात आपोआप स्वतःच्या गळ्याशी गेला. ती उठली, लोकांमधून वाट काढत माझ्याकडे आली. "हाई कोन गाई राह्यनी रे?" तिने विचारलं.

मी म्हणालो, "आहे एक मुलगी. मुंबईची."

ती माझ्याकडे बघत राहिली. मोतीबिंदू काढलेला तो डोळा स्वच्छ होता, तो माझ्यावर होता. "हाई मनं शे का रे?"

"नाही गं मावशी," मी म्हणालो. हसून म्हणालो. "तुझा आवाज असा कुठे आहे?"

गाणं चालूच होतं. तिने एकदा नाचणाऱ्या नातीकडे बघितलं, एकदा माझ्याकडे. मग म्हणाली, "मंग तिना बी पोऱ्या मरेल व्हई." मग त्या मुलीचाही मुलगा गेला असेल. एवढं बोलून ती आपल्या खांबाजवळ जाऊन बसली आणि पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली.

आणि मी जेवलो. हे लिहायचं टाळावं असं फार वाटलं, पण जेवलो. चार बट्ट्या, वरून तूप, घोटलेली वांग्याची भाजी दोनदा. वाढपी म्हणाला, "पाहुण्याले भूक लागेल शे," आणि पंगत हसली. परतीच्या एसटीत आई खिडकीशी बसून बाहेर बघत होती. पिंपळगाव गेल्यावर ती म्हणाली, "सुपडी आज काही बोलनी नही." मी झोपल्याचं सोंग घेतलं. आईने तो आवाज ओळखला होता का, हे मला माहीत नाही. मी कधी विचारलं नाही आणि आता ती नाही.

त्यानंतर सुपडामावशीने गाणं सोडलं असं गावाकडून कळलं. सुतक पडलं, बोलावणं आलं, तरी ती जायची नाही. घसा गेला म्हणायची. मी कॅसेटीचा धंदा सोडला, म्हणजे धंद्यानेच मला सोडलं. सीडी आल्या, मोबाइल आले, दुकानात अण्णांच्या जागी मी चार्जर विकायला लागलो. लग्न झालं, मुलगी झाली. डिसूझा सर वारले तेव्हा मी देवळालीला गेलो होतो. त्यांच्या खोलीत ती तबकडी कपाटावर दिसली आणि मी नजर फिरवली. या सगळ्या वर्षांत मी वाईट माणूस म्हणून जगलो नाही, हीच गोष्ट मला सगळ्यात जास्त किळसवाणी वाटते. मी व्यवस्थित जगलो. चतुर्थीला मोदक खाल्ले, मुलीचे वाढदिवस केले.

मुलगी बालवाडीत होती. शाळेच्या स्नेहसंमेलनाला आम्ही पुढच्या रांगेत बसलो. पडदा सरकला, घागरे घातलेल्या दहा-बारा मुली आल्या आणि ढिकचिक सुरू झालं. कुणीतरी ते गाणं नव्याने, आणखी वेगात बनवलं होतं. माझ्या मुलीने चिमुकल्या हातांनी ताट झाकलं आणि "हिच्च" केलं. सभागृह हसलं, टाळ्या पडल्या. बायकोने मला कोपराने ढोसलं, "अहो, टाळ्या वाजवा ना, बघतेय ती!" मी टाळ्या वाजवल्या. मग बाहेर जाऊन नळापाशी ओकलो. येताना मुलगी स्कूटरवर माझ्या पुढ्यात उभी राहून तेच गुणगुणत होती. तिला गप्प कर असं कोणत्या तोंडाने म्हणणार होतो?

त्याच रविवारी मी सायखेड्याला गेलो. उज्ज्वला तिथे दिलेली, आणि मावशी थकल्यापासून नातीकडेच राहायला आली होती. नदीकडच्या अंगाला पत्र्याचं नीटनेटकं घर. मावशी ओट्यावर बसून लसूण सोलत होती. खूप लहान झाली होती ती, पण तिने मला लगेच ओळखलं. आईचं विचारलं, गेली हे माहीत असूनही विचारलं, आणि मग स्वतःच म्हणाली, "हां, गयी ती." उज्ज्वला बाहेर आली, भरलेली, हसरी, कडेवर मूल. "काका, किती वर्षांनी! बसा, चहा ठेवते. जेवूनच जायचं," म्हणत आत गेली.

मी वाटेत सगळं पाठ केलं होतं. काय, कसं, कोणत्या क्रमाने. मला वाटत होतं की मी मोठ्याने सांगेन, उज्ज्वलालाही बोलवेन, तिच्या नवऱ्यालाही, सगळ्यांसमोर सांगेन, वाट्टेल ते बोलू देईन. मी घसा साफ करून सुरू केलं, "मावशी, उज्ज्वलाच्या हळदीला जे गाणं..."

तिचा लसणाचा हात माझ्या मनगटावर आला. "हळू बोल," ती म्हणाली. "पोर ऐकी लई."

मी थांबलो. तिने आत कानोसा घेतला. कपाटाचं दार वाजलं, कपबशा निघाल्या. मग ती माझ्याकडे न बघता, पुढची पाकळी सोलत म्हणाली, "मी तव्हयच वळखी लिन्हं व्हतं. कोन सोताना खोकला इसरस रे?"

"मग तू..."

"मंग काय करती? मांडवमा सांगती? ती नाचनी व्हती. तिना बापना गाणावर नाचनी, आंगले हळद व्हती तव्हय. हाई तिले कधी कळाले नको." तिने पहिल्यांदा माझ्याकडे बघितलं. "तू माले इचारं नही, त्यानं माले काही वाटनं नही. तू माले तोंडवर खोटं सांगं."

म्हणजे ती इतकी वर्षं ते एकटीच सांभाळत होती. मी विसरायचा प्रयत्न करत होतो, आणि ती मात्र रोज त्या मुलीच्या हातचं जेवत, तिचं मूल मांडीवर घेत, ते तिच्यापासून लपवत होती. मी जे सगळ्यांसमोर बोलून मोकळा व्हायला आलो होतो, ते बोलायची मला परवानगीच नव्हती. माझ्या मोकळं होण्यासाठी त्या घरात जागा नव्हती.

"कसली कुजबुज चाललीय मावशी-भाच्याची?" उज्ज्वला आतून ओरडली.

"काही नही वं, गावन्या गोष्टी!" मावशीने मोठ्याने उत्तर दिलं आणि मग आवाज पाडून मला म्हणाली, "सांग आते. काय सांगाले उना तू, सांग. पन हळू."

मी ओट्यावरून खाली उतरलो, तिच्या पायाशी उकिडवा बसलो आणि तोंड तिच्या कानाजवळ नेलं. तिच्या केसांना तेलाचा आणि लसणाचा वास येत होता. पाठ केलेलं काहीच आठवेना. आत चहा उकळत होता, तो उतरवायच्या आत बोलायला हवं होतं. मी म्हणालो, "मावशी, तो आवाज तुझा होता. गाणं भिकाचं होतं. मी ते बिघडवलं, विकलं, आणि तू विचारलंस तेव्हा नाही म्हणालो. माझं चुकलं. मला माफ कर."